ओढून न बसणारा अंगठा

#थ्रेड

झेल घेताना चेंडू बोटाच्या टोकावर आदळतो, बोट मधल्या पेराशी वाकडे होते आणि शेजारी उभा असलेला कोणीतरी ते धरून ओढतो. ‘कट्’ असा आवाज येतो, बोट सरळ होते, खेळ पुढे सुरू होतो. क्रिकेटच्या मैदानावर किंवा कबड्डीच्या पटांगणावर हा प्रसंग इतका नित्याचा आहे, की त्यालाही इतिहास असेल असे कोणाच्या मनात येत नाही. तो आहे, आणि सुमारे २,४०० वर्षांचा आहे.

त्या इतिहासात एक कोडे मात्र फार काळ सुटले नव्हते. बोट ओढले की बहुतेक वेळा बसते. अंगठा मुळाशी निखळला, तर काही वेळा तो जितका ओढावा तितका घट्ट अडकतो. एकाच हाताच्या दोन सांध्यांना एकच उपाय का लागू पडू नये? या प्रश्नापायी कित्येकांचे अंगठे कायमचे वाकडे राहिले, काहींचे त्याहूनही वाईट झाले. त्याचे समाधानकारक उत्तर मिळायला १८७६ साल उजाडावे लागले.

आधी थोडी रचना समजून घ्यावी लागेल. चार बोटांना प्रत्येकी तीन पेरे, अंगठ्याला दोनच. खेळताना सर्वाधिक निखळतो तो बोटाचा मधला सांधा. हा बिजागरीसारखा असतो: पुढेमागे हलतो, बाजूला नाही. बोट जिथे तळहाताला मिळते तो बुडाचा सांधा निराळा. तिथे तळहाताच्या लांब हाडाचे गोलसर डोके बोटाच्या पहिल्या हाडाच्या उथळ खळग्यात बसलेले असते आणि तळव्याच्या बाजूने त्या सांध्याखाली एक जाड, चिवट, तंतुमय पट्टी असते. अंगठ्याच्या या पट्टीत दोन बारीक हाडे जडलेली असतात. ग्रीक शरीरज्ञांनी अशा हाडांना तिळावरून नाव दिले. म्हणून त्यांना मराठीत तिळास्थी म्हणणे सोयीचे. ही पट्टी आणि हे तीळ पुढे या कथेचे खरे सूत्रधार ठरणार आहेत.

आता ग्रीसकडे वळू. हिप्पोक्रेटिसच्या नावाने जे ग्रंथ ओळखले जातात त्यांत ‘सांध्यांविषयी’ असा एक प्रबंध आहे. तो साधारण इ.स.पू. ४०० च्या सुमाराचा. खांदा, मांडी, जबडा, पाठीचा कणा अशा मोठ्या सांध्यांवर त्यात पाने खर्ची पडली आहेत. बोटांच्या वाट्याला थोडाच मजकूर आला आहे. पण तो थोडा मजकूर वाचताना लिहिणाऱ्याने स्वतः बोटे बसवली असावीत याविषयी शंका उरत नाही. बोटाच्या टोकाला आधी काहीतरी गुंडाळावे, म्हणजे ओढताना ते हातातून निसटणार नाही, असे तो सांगतो. मग एकाने मनगट धरावे, दुसऱ्याने बोट, दोघांनी उलट दिशांना ताण द्यावा आणि वर आलेले हाड दाबून जागी न्यावे. बसल्यानंतर मेणमिश्रित मलम लावलेल्या अगदी बारीक पट्ट्यांनी बांधावे. घामेजलेले बोट हातातून सुटते ही अडचण पुस्तकी माणसाला सुचण्यासारखी नाही.

त्याच ठिकाणी एका साधनाचा उल्लेख येतो, ‘सौरा’ म्हणजे पाल किंवा सरडा. ताडवर्गातील झाडाच्या कोवळ्या पात्यांची विणलेली ही पोकळ नळी. एका तोंडातून बोट आत सारायचे, दुसरे टोक ओढायचे. ओढले की विणीच्या तिरक्या पात्या जवळ येतात, नळी लांब आणि अरुंद होते आणि बोटाला सर्व बाजूंनी आवळून धरते. जितकी ओढ जास्त, तितकी पकड घट्ट. सैल सोडले की बोट अलगद मोकळे. आज जत्रेत किंवा खेळण्यांच्या दुकानात बोट अडकवणारी जी विणलेली नळी मिळते, तिचेच हे रूप.

या सरड्याचा आणखी एक साक्षीदार आहे, आणि तो थेट ॲरिस्टॉटल. ‘प्राण्यांचे अवयव’ या ग्रंथात तो माखली, अष्टपाद अशा समुद्री जीवांचे वर्णन करतो. त्यांची पकड कशी चालते हे समजावताना तो म्हणतो, की पूर्वीचे वैद्य बोटे बसवण्यासाठी ज्या विणलेल्या नळ्या वापरत त्यांच्यासारखीच ही रचना आहे: सैल असताना वस्तूभोवती बसते, ताणली की आवळते. ॲरिस्टॉटलचा काळ इ.स.पू. ३८४ ते ३२२. म्हणजे ही युक्ती त्याच्याही दृष्टीने जुन्या वैद्यांची होती. अष्टपाद समजावून सांगायला त्याला बोट बसवण्याचे साधन आठवावे, यावरून ते वाचकांच्या किती ओळखीचे असेल याची कल्पना येते.

हा ग्रीक प्रबंध आपल्यापर्यंत पोचला त्याचाही प्रवास रोचक आहे. इ.स.पू. पहिल्या शतकात सायप्रसच्या किटियमचा वैद्य अपोलोनियस याने त्यावर सचित्र विवरण लिहिले. सांधा कसा ओढायचा हे शब्दांत सांगणे किती अवघड, हे त्याने ओळखले होते. त्याची मूळ प्रत गेली, पण इ.स. ९०० च्या सुमारास कॉन्स्टँटिनोपलमध्ये निकेतास नावाच्या वैद्याने तयार करवलेल्या संग्रहात ते विवरण चित्रांसह उतरले आणि ते हस्तलिखित आज फ्लोरेन्सच्या लॉरेन्शियन ग्रंथालयात आहे. शिडीला बांधलेले, बाकावर ताणलेले, चाकांच्या यंत्रांनी ओढले जाणारे रुग्ण त्या पानांवर दिसतात. १५४४ साली पॅरिसमध्ये ग्विदो ग्विदीने ग्रीक शस्त्रवैद्यकाचा लॅटिन अनुवाद छापला, त्यातली चित्रे याच परंपरेतली. या सगळ्या चित्रांचा एकच संस्कार मनावर राहतो: निखळलेले हाड म्हणजे ओढायची वस्तू. युरोपातील शस्त्रवैद्यांच्या पिढ्या या संस्कारावर वाढल्या.

भारतात याच विषयाकडे पाहण्याची तऱ्हा जरा वेगळी होती. सुश्रुतसंहिता ही एका हातची किंवा एका वेळची रचना नाही; इसवी सनाच्या अलीकडच्या-पलीकडच्या काही शतकांत ती आकाराला आली. तिच्या निदानस्थानात हाडांच्या इजांचे दोन मोठे वर्ग केले आहेत: कांडभग्न म्हणजे हाड मोडणे आणि संधिमुक्त म्हणजे सांधा सुटणे. सांधा सुटण्याचे सहा प्रकार दिले आहेत, हाड बाजूला गेले, खाली गेले, तिरपे गेले, दूर फेकले गेले अशा भेदांनी. आज ज्याला आपण वर्गीकरण म्हणतो ते इथे आहे, आणि केवळ नावांच्या हौसेपायी केलेले नाही. हाड कुठल्या दिशेला गेले हे कळल्याशिवाय परत कसे आणायचे ते ठरत नाही.

चिकित्सास्थानाच्या तिसऱ्या अध्यायात बोटाचा उल्लेख येतो. मोडलेले असो वा सांध्यातून सुटलेले, बोट सरळ करून जागी ठेवावे, बारीक पट्टीने वेढावे आणि वर तुपाचे सिंचन करावे. एवढेच. ग्रीक लेखकाची बारीक पट्टी आणि मेणाचे मलम, सुश्रुताची बारीक पट्टी आणि तूप! एकाने दुसऱ्याकडून घेतले असे मानण्याचे काही कारण नाही; बोट लहान असते, पट्टी जाड झाली तर ते वाकत नाही, हे दोघांनाही हाताने कळले असणार.

बोट ओढायचे कसे यावर सुश्रुतसंहिता थांबत नाही. ती थांबते ती नंतरच्या काळजीवर. पट्टी सैल बांधली तर सांधा स्थिर होत नाही. फार आवळली तर सूज, वेदना आणि पू होतो. थंडीत दर सात दिवसांनी, समशीतोष्ण काळात पाच दिवसांनी, उन्हाळ्यात तीन दिवसांनी पट्टी बदलावी. मोडलेल्या भागाला आधार द्यायला मोह, उंबर, पिंपळ, पळस, अर्जुन, वड यांच्या साली किंवा बांबूच्या कामट्या. सांधा स्थिर व्हायला तरुणपणी एक महिना, मध्यम वयात त्याच्या दुप्पट, उतारवयात तिप्पट काळ लागतो, असाही हिशेब दिला आहे.

आणि मग त्या अध्यायातली सर्वांत सुंदर सूचना येते. ती तळहाताच्या अस्थिभंगाबाबत आहे, बोटाबाबत नाही. पण हात बांधून ठेवल्याने येणारा ताठरपणा दोन्हीकडे तोच. बरे होत आलेल्या रुग्णाच्या हातात आधी मातीचा गोळा द्यावा. तो धरता येऊ लागला की मिठाचा खडा. हातात बळ आले की दगड. मऊ, मग कठीण, मग जड. आजच्या फिजिओथेरपीच्या खोलीत रबरी चेंडू ज्या क्रमाने दिले जातात त्याचे हे पूर्वरूप म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. ‘आपल्याकडे सगळे आधीच होते’ असा सूर समाजमाध्यमांवर वारंवार ऐकू येतो आणि तो बहुधा पोकळ असतो. इथे मात्र ग्रंथात नेमके काय आहे ते वाचले तर अभिमानासाठी काही वाढवून सांगायची गरजच उरत नाही. हा ग्रंथ डल्हणाच्या टीकेसह मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याने यादवजी त्रिकमजी आचार्यांच्या संपादनात छापला. विसाव्या शतकातील अभ्यासकांच्या हाती ही संहिता मोठ्या प्रमाणावर पडली ती याच मुंबईच्या प्रतींमधून.

दोन्ही परंपरांत एक भीतीही सारखी आहे. ‘सांध्यांविषयी’चा कर्ता सांगतो, की सांधा निखळून हाड कातडीबाहेर आले असेल तर बोट पहिल्या किंवा दुसऱ्या दिवशीच बसवावे, चौथा दिवस सर्वांत वाईट. उशिराच्या ओढाताणीने झटके येतील, ही त्याची धास्ती. सुश्रुतसंहितेत अंगठा आणि तर्जनी यांच्या मधल्या जागेला क्षिप्र मर्म म्हटले आहे आणि तिथल्या इजेने आक्षेपक, म्हणजे झटके, येऊन काही काळाने मृत्यू येतो असे सांगितले आहे. आजच्या वाचकाला हे वाचताना धनुर्वात आठवल्यावाचून राहत नाही. मातीत काम करणाऱ्या हाताची उघडी जखम आणि काही दिवसांनी येणारे झटके, ही साखळी दोघांनीही पाहिली होती. जंतू दिसायला १८८० चे दशक यावे लागले.

मध्ययुगात हे ज्ञान अरबी ग्रंथांतून पुढे गेले. कोर्दोबाचा अल्-झहरावी याने इ.स. १००० च्या सुमारास लिहिलेल्या वैद्यकीय ज्ञानकोशात हाडे आणि सांधे यांच्यासाठी स्वतंत्र भाग आहे, आणि तो लॅटिनमध्ये गेल्यावर युरोपात शतकानुशतके वाचला गेला. बोटांच्या बाबतीत मूळ उपाय फारसा बदलला नाही.

ग्रंथांच्या बाहेरही हे काम चालूच होते. महाराष्ट्रात गावोगावी हाडवैद्य होते आणि आहेत. तालमीतले वस्ताद पट्ठ्यांचे निखळलेले सांधे बसवत आले आहेत. त्यांच्या ख्यातीला आधार होता. बोटाचा मधला सांधा साधेपणाने मागे निखळला असेल तर सरावाच्या हाताला तो बसवायला काही क्षण पुरतात आणि रुग्ण समाधानाने घरी जातो. अडचण अशी की ओढून बसणारे दहा सांधे पाहिले, की अकराव्या सांध्यालाही ओढच द्यावीशी वाटते. लंडन-पॅरिसच्या नामांकित शस्त्रवैद्यांचेही यापेक्षा वेगळे काही झाले नाही.

कारण अकरावा सांधा अंगठ्याचा निघे. माणूस हातावर पडतो, अंगठा मागे जोराने वाकतो, त्याचे पहिले हाड तळहाताच्या हाडाच्या डोक्यावरून उडी मारून मागच्या बाजूला जाऊन बसते. दिसायला ही इजा किरकोळ. खांदा-मांडी बसवणारे शस्त्रवैद्य या इवल्याशा सांध्यापुढे हात टेकत. इंग्लंडमधील लीड्सचे विल्यम हे यांनी १८०३ सालच्या आपल्या ग्रंथात या अडचणीची चर्चा केली आणि सांध्याच्या दोन बाजूंच्या बंधांकडे बोट दाखवले. कोणी म्हणे, अंगठ्याच्या बुडाचे लहान स्नायू हाडाची मान दोन्हीकडून पकडतात, काजात बटण अडकावे तसे. कोणी लांब स्नायुरज्जूला दोष देई. निदान वेगळे, पण उपचार जवळपास सर्वांचा एकच: आणखी जोराने ओढा.

त्या काळच्या इंग्लंडमधला सर्वांत वजनदार शब्द सर ॲस्टली कूपर यांचा. सांधे निखळणे आणि हाडे मोडणे यांवरचा त्यांचा ग्रंथ १८२२ साली निघाला आणि पुढे दीर्घकाळ प्रमाण मानला गेला. त्यातली अंगठ्याची कृती अशी: हात बराच वेळ गरम पाण्यात भिजवावा, म्हणजे स्नायू सैल पडतील. अंगठ्याच्या पहिल्या पेराभोवती ओले मऊ चामडे घट्ट लपेटावे. त्यावर फीत बांधावी, आणि तीही खलाशी दोर खांबाला अडकवताना मारतात त्या गाठीने, जी ओढल्यावर अधिक आवळते. मग ओढ द्यावी, घाईने नव्हे, संथपणे आणि बराच वेळ. एवढ्याने न जमल्यास हाताचा कोपर पलंगाच्या खांबाला अडकवावा आणि फितीला कप्पी जोडावी. एका अंगठ्यासाठी कप्पी! कूपर क्रूर नव्हते. अडलेला सांधा सुरीने मोकळा करण्याच्या कल्पनेला त्यांचा विरोध होता, कारण जंतुनाशके नसलेल्या त्या काळात सांध्यात सुरी घालणे म्हणजे हात, प्रसंगी जीव, पणाला लावणे. वाकडा का होईना, अंगठा राहू द्यावा, हा त्यांचा सल्ला त्या परिस्थितीत शहाणपणाचाच होता.

पण ओढीला मर्यादा राहिली नाही. अंगठा पकडायला खास चिमटे निघाले, पट्टे निघाले. ओढता ओढता अंगठ्याचे टोकाचे पेरच सांध्यातून तुटून आल्याच्या नोंदीही त्या काळच्या शस्त्रवैद्यकाच्या वाङ्मयात आहेत. हे सर्व रुग्ण पूर्ण शुद्धीत असताना, कारण इथरची बधिरता १८४६ मध्ये आणि क्लोरोफॉर्मची १८४७ मध्ये आली.

बधिरतेने एक उपकार असा केला, की एक जुने स्पष्टीकरण आपोआप डळमळले. स्नायूंचा ताण हेच कारण असेल तर क्लोरोफॉर्मने स्नायू सैल पडल्यावर अंगठा सहज बसायला हवा. काही बसलेही. काही मात्र गाढ बेशुद्धीतही हलेनात. म्हणजे अडवणारी वस्तू स्नायूंहून वेगळी होती.

इथे लुई ह्युबेर फाराबफ यांचा प्रवेश होतो. जन्म १८४१, मृत्यू १९१०. पॅरिसचे शरीररचनाशास्त्रज्ञ, शस्त्रक्रियेचे नामांकित शिक्षक. जखमेच्या कडा बाजूला धरून ठेवणारे त्यांच्या नावाचे साधन आजही शस्त्रक्रियागृहांत वापरात आहे. १८७६ साली त्यांनी पॅरिसच्या शस्त्रवैद्य सभेपुढे अंगठ्याच्या मागे निखळण्याविषयीचा अभ्यास मांडला. त्यांनी मृतदेहांच्या अंगठ्यांवर ही इजा मुद्दाम घडवून आणली, कातडी उघडून आत काय होते ते पाहिले, मग सांधा बसवून पाहिला, चुकीच्या रीतीनेही बसवून पाहिला. यातली शेवटची पायरी महत्त्वाची.

त्यांना दिसले ते असे. अंगठा निखळताना ती तळव्याकडची जाड पट्टी हाडाच्या मानेपासून तुटते आणि आपल्या तिळांसह अंगठ्याच्या हाडाबरोबर मागे जाते. या अवस्थेत अंगठा तळहाताच्या हाडावर जवळजवळ काटकोनात उभा असतो, आणि विचित्र दिसला तरी ही साधी स्थिती आहे. अंगठा बसू शकतो. आता कोणीतरी येतो, तो उभा अंगठा वाईट दिसतो म्हणून धरून सरळ करतो आणि लांबीच्या दिशेने ओढतो. त्याबरोबर पट्टी उलटते, तिळांसह दोन हाडांच्या मध्ये शिरते आणि तिथे अडकते. अंगठा आता तळहाताच्या हाडाला समांतर आडवा दिसतो. पाहणाऱ्याला वाटते, सुधारणा झाली. प्रत्यक्षात दार आतून बंद झालेले असते, आणि यापुढची प्रत्येक ओढ बाजूचे बंध व स्नायू ताणून हाडाच्या मानेभोवतीचा फास आवळत जाते.

फाराबफ यांनी म्हणून तीन अवस्था मांडल्या: अपुरी, पूर्ण पण साधी, आणि गुंतागुंतीची. ही तिसरी बहुधा उपचारातून जन्मते, हे त्यांचे म्हणणे सभेतल्या श्रोत्यांना ऐकायला सुखाचे वाटले नसणार. समोर बसलेल्यांपैकी कित्येकांनी असे अंगठे ओढले असतील.

त्यांनी सुचवलेला मार्ग सहजबुद्धीच्या अगदी उलट आहे. ओढू नका. अंगठा ज्या दिशेने वाकला त्याच दिशेने आणखी वाकवा, काटकोनात उभा ठेवा. मग त्याचे बूड तळहाताच्या हाडावर टेकवून, हाडाचा पृष्ठभाग खरवडत न्यावे तसे पुढे ढकला. अशाने ती पट्टी आणि ते तीळ हाडाच्या पुढे लोटले जातात, मध्ये अडकत नाहीत. डोक्याच्या कडेपर्यंत पोचल्यावरच अंगठा वाकवा. मनगट आणि अंगठ्याचे टोक वाकवून ठेवले तर रज्जूही सैल राहतात. आजही हात-शस्त्रक्रियेच्या पाठ्यपुस्तकांत हीच दिशा सांगितली जाते.

त्याच सुमारास आणखी एक घोटाळा उलगडला. डब्लिनचे एडवर्ड हॅलरन बेनेट यांनी १८८२ साली दाखवून दिले, की अंगठ्याच्या अगदी बुडाशी, मनगटाजवळ, जे निखळणे समजले जाते त्यात अनेकदा हाडाचा एक तुकडा मोडलेला असतो. सांधा बसवला की बसतो, सोडला की पुन्हा सरकतो, याचे कारण हे. बेनेट यांनी ते हाडांच्या नमुन्यांवरून सांगितले. जिवंत हातात ते पाहण्याची सोय १८९५ च्या डिसेंबरात झाली, जेव्हा राँटगेन यांनी पत्नीच्या हाताचे क्ष-किरण छायाचित्र काढले. वैद्यकातले ते सर्वांत प्रसिद्ध क्ष-किरण चित्र बोटांच्या सांध्यांचेच असावे, हा योगायोग मोठा मजेदार. अंगठ्याच्या बाबतीत क्ष-किरणांनी एक अचूक खूण दिली: चित्रात तिळास्थी जर दोन हाडांच्या फटीत दिसले तर पट्टी मध्ये अडकलेली आहे, हाताने अंगठा बसण्याची आशा धरू नये. कधी कधी त्याची एक खूण वरूनच दिसते, तळव्याच्या कातडीला पडलेली लहानशी खळी.

उरली तर्जनी. तिचा बुडाचा सांधा निखळला तर तोही असाच हट्टी ठरतो. त्याचे कोडे न्यूयॉर्कच्या इमॅन्युएल कॅप्लन यांनी १९५७ साली उलगडले. हाडाचे डोके तळव्याकडे बाहेर येते आणि चार बाजूंनी कोंडले जाते: करंगळीच्या बाजूला बोट वाकवणारे रज्जू, अंगठ्याच्या बाजूला एक बारीक स्नायू, पुढे आणि मागे तळहातातले आडवे तंतू. शिवाय वर तीच उलटलेली पट्टी. बोट ओढले की दोन्ही बाजूंचे रज्जू आणि स्नायू ताणतात आणि हाडाची मान चिमटीत धरतात. ग्रीक वैद्यांनी विणलेला सरडा बाहेरून बोटाला जसा आवळत असे, तसाच काहीसा हा हातातला सापळा आतून आवळतो; ओढ हेच दोघांचे बळ.

सरडा मात्र निवृत्त झालेला नाही. मनगटाचे हाड मोडले तर बोटांवर तारेच्या किंवा नायलॉनच्या विणीच्या नळ्या चढवून हात टांगतात, दंडाला वजन लावतात आणि हाडे हळूहळू लांबीत येऊ देतात. मनगटात दुर्बीण घालून करायच्या शस्त्रक्रियेतही बोटे याच नळ्यांनी धरलेली असतात. जिथे सरळ ओढ उपयोगी, तिथे २,४०० वर्षांत त्याहून सोपे काही सुचलेले नाही.

आणि जिथे ती उपयोगी नाही, त्या अडकलेल्या अंगठ्यासाठी किंवा तर्जनीसाठी आज कूपर यांच्या काळातली भीती उरलेली नाही. बधिरता आहे, निर्जंतुक सुरी आहे. हाताच्या मागून किंवा तळव्यातून लहानसा छेद घेतात, मध्ये शिरलेली ती पट्टी शोधतात, गरज पडल्यास तिला लांबीत एक चीर देतात आणि बाजूला सारतात. मग हाड बोटाच्या हलक्या दाबाने आपल्या जागी सरकते. ओढावे लागत नाही.